चालू टोपली

रोज सकाळी एक माणूस आपल्या म्हाताऱ्या बापाला चाकांच्या खुर्चीत बसवून गावभर फिरवायचा आणि बघणाऱ्यांचा ऊर भरून यायचा. कोपऱ्यावरचा दूधवाला हात थांबवून म्हणायचा, "श्रावणबाळ श्रावणबाळ म्हणतात तो हाच." आया आपल्या पोरांना कोपर मारून दाखवायच्या, "बघ. नाहीतर तू." पोरं निमूट माना खाली घालायची. खुर्चीतल्या म्हाताऱ्याला काय वाटतं हे विचारायचं कोणाला सुचलं नाही. सुचलं असतं तरी त्याला सांगता आलं नसतं.

म्हातारा कवायतीचा मास्तर होता. गाव त्याला शिट्टीसर म्हणायचं, घरची मुलं अण्णा म्हणायची. शिट्टी घरीसुद्धा गळ्यातून उतरत नसे. उठायची शिट्टी, पानावर बसायची शिट्टी, दिवा मालवायची शिट्टी. एकदा बायकोला बाहेरून हाक मारायला म्हणून त्यांनी शिट्टी फुंकली आणि ती बिचारी पोळपाट हातात घेऊन धावत आली. हे ते पुढे आयुष्यभर विनोद म्हणून सांगत. ती हसायची. मग ती गेली, आणि हसायला कोणी उरलं नाही.

मुलाचं नाव शाळेपासून पडलं होतं: फेरी. शाळेच्या शर्यतीत तो शेवटचा आला, आणि शेवटचा आला तो शिट्टीसरांचा मुलगा, हे शिट्टीसरांना सहन झालं नाही. त्यांनी अख्खी शाळा मैदानाभोवती उभी केली आणि पोराला सांगितलं, "मी शिट्टी वाजवेपर्यंत पळायचं." बाकीच्या मुलांनी फेऱ्या मोठ्यांदा मोजायच्या. पोरगं पळालं, पडलं, उठलं, पुन्हा पळालं. चड्डी ओली झाली तेव्हा मोजणाऱ्यांचा आवाज वाढला. शिट्टी शाळा सुटायच्या घंटेबरोबर वाजली. दुसऱ्या दिवशी अण्णा ते विसरूनही गेले, पण शाळा विसरली नाही.

फेरी मोठा झाला तो चष्म्याच्या दुकानात. मागच्या खोलीत बसून फ्रेमच्या मापाने काचा घासायच्या, कडा गुळगुळीत करायच्या, स्क्रू आवळायचे. गिऱ्हाइकाशी बोलायचं मालकाने. फेरीचं तोंड पडद्यामागे. लग्नही झालं होतं. बायको थोडे दिवस राहिली आणि जाताना दारात उभी राहून म्हणाली, "या घरात दोन माणसं आहेत. एक शिट्टी वाजवतो, दुसरा पळतो. मी तिसरी कशाला?" कोणी तिला थांबवलं नाही. अण्णा म्हणाले, "दम नव्हता हिच्यात."

अण्णांना अर्धांगाचा झटका आला तेव्हा ते बागेत परक्या मुलाला पाठ सरळ ठेवायला सांगत होते. उजवी बाजू गेली, तोंड वाकडं झालं, वाचा गेली. इतके शब्द गेले, पण एक राहिला: "चल." तो एकच शब्द सगळ्यासाठी. चल म्हणजे पाणी. चल म्हणजे उशी सरकव. चल म्हणजे मेलास का तिकडे.

धाकटी बहीण दुसऱ्या गावाहून आली, दोन दिवस रडली आणि बॅग भरताना म्हणाली, "दादा, मी नेलं असतं रे, पण आमचा तिसरा मजला. आणि तू आहेसच की. तुला तरी दुसरं कोण आहे?"

"बरोबर आहे," फेरी म्हणाला.

"मोकळ्या हवेत नेत जा त्यांना. डॉक्टर म्हणालेत."

"नेतो."

पण त्याने नेलं ते डॉक्टर म्हणाले म्हणून नव्हे.

दवाखान्याच्या बाकावर बसून बसून कंटाळा यायचा म्हणून फेरीने फोनवर एक खेळ घेतला होता. फोनवर आपल्याच गावाचा नकाशा दिसायचा, आणि त्यावर ठिकठिकाणी टोपल्या: पोस्टाच्या पेटीपाशी एक, वाचनालयाच्या पायऱ्यांवर एक, कारंज्याशी, घड्याळाच्या मनोऱ्याखाली, पाण्याच्या टाकीशी. प्रत्यक्ष तिथवर चालत जायचं आणि टोपलीवर बोट फिरवायचं. टोपली चालू असली तर हिरवी होऊन उघडायची आणि आतून बी-बियाणं, पाणी, पक्ष्यांची अंडी असं काहीबाही मिळायचं. बंद असली तर राखाडीच राहायची. गंमत अशी, की जवळ गेल्याशिवाय चालू की बंद ते कळायचं नाही, आणि कालची चालू आज बंद असायची. म्हणजे सगळा खेळ शोधण्याचा.

फेरीला त्याचं वेड लागलं. आयुष्यात पहिल्यांदा तो कुठेतरी पोचत होता आणि पोचल्यावर काहीतरी उघडत होतं. पण एकट्या माणसाला हा खेळ खेळू देत नाहीत. मुलींच्या वसतिगृहाच्या फाटकाशी एक टोपली होती. तिथे पन्नाशी उलटलेला माणूस फोन उंच करून उभा दिसल्यावर पहारेकऱ्याने कॉलर धरली. "काय हो, घरी आयाबहिणी नाहीत का?" जमलेल्यांपैकी दोघांनी फोन तपासला, तिसऱ्याने मध्येच एक चापट ठेवून दिली. फेरी गाल चोळत घरी आला. अण्णा खिडकीत बसले होते. म्हणाले, "चल."

दुसऱ्या दिवशी तो अण्णांना घेऊन त्याच फाटकाशी गेला. पहारेकरी उठून उभा राहिला. आतून स्वतः पाणी घेऊन आला. "आजोबांना सावलीत थांबवा ना." फेरीने खुर्चीच्या दांड्याला टेकवून फोन धरला, बोट फिरवलं. टोपली हिरवी झाली.

तेव्हापासून अण्णा म्हणजे परवाना. बापाची खुर्ची पुढे असली की कुठेही थांबा, कितीही वेळ थांबा, बँकेच्या दारात, दवाखान्याच्या आवारात, कोणी हू की चू करत नाही. उलट दार धरून ठेवतात. दुकान दुपारी उघडायचं, तोवर सगळी सकाळ मोकळी. फेरी दूध-बिस्किटं भरवून अण्णांना बाहेर काढायचा आणि ऊन डोक्यावर आलं की परत आणायचा. अण्णांच्या डोक्यावर टोपी असायची, कधी नसायची. खुर्चीचे लोखंडी हात इतके तापायचे की अण्णा डावा हात मांडीत घेऊन बसायचे; उजव्याला तर काही कळतच नव्हतं, त्यामुळे तो तसाच लोखंडावर पडून राहायचा. एकदा तिथे फोड आला. डॉक्टरांनी विचारलं तर फेरी म्हणाला, "चहा सांडला."

वाचनालयाला पायऱ्या होत्या. खुर्ची वर जायची नाही. मग अण्णांना खाली भिंतीकडे तोंड करून लावायचं, म्हणजे रस्त्याची धूळ तोंडावर येत नाही, असं तो स्वतःला सांगायचा. वर गेलं की पलीकडच्या चौकातली टोपली दिसायची, मग तिथवर जाऊन यायचं. येईतो अण्णांची मान छातीवर पडलेली असायची आणि खुर्चीखाली ओल. फेरी ती ओल बघायचा. त्याला काही आठवत असेल तर ते त्याच्या तोंडावर दिसायचं नाही. "अण्णा, अजून कारंजं राहिलंय," एवढंच तो म्हणायचा.

"चल," अण्णा म्हणायचे. म्हणजे घरी चल.

"बघा," फेरी येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायचा, "पुढे चल म्हणतायत! पाय घरात ठरत नाहीत म्हाताऱ्याचे." आणि लोक हसायचे, अण्णांचा खांदा थोपटायचे, आणि खुर्ची कारंज्याकडे वळायची.

औषधांच्या दुकानातली बाई या खेळात मुरलेली होती. अण्णांच्या गोळ्या देताना तिने फेरीच्या फोनवरचा नकाशा बघितला आणि काउंटरवरून वाकून म्हणाली, "अगोबाई, तुम्ही पण?" पस्तिशीची, तोंडाने फटकळ, हसली की दुकान उजळायचं. गावातल्या खेळणाऱ्यांचा फोनवर एक गट होता आणि ती त्यातली पुढारी. तिने फेरीला गटात घेतलं. सकाळी बाहेर पडणारा तो एकटाच. चालू कुठे, बंद कुठे, ते तो कळवायचा, मग बाकीचे कामाच्या वाटेवर बरोबर तेवढ्याच टोपल्या उघडून जायचे. त्याला ते आवडायचं. तो फोनवर बोलून निरोप पाठवायचा, आणि एकदा शेजारीणबाईंनी भिंतीपलीकडून ऐकलं: "पोस्टाजवळची पार बंद पडली हो. पण वसतिगृहाजवळची अजून चालू आहे. मी सकाळीच जाऊन आलो." पुढे आठवडाभर त्या बाईंनी त्याच्याशी डोळा मिळवला नाही.

फेरी औषधवालीच्या दुकानात गोळ्या संपायच्या आधीच जायला लागला. भांग पाडायला लागला. एकदा तर त्याने तिच्यासाठी चष्म्याची एक सुंदर डबी आणली. ती म्हणाली, "काका, मला चष्मा कुठाय?" काका. डबी त्याने परत खिशात घातली.

"तुमच्या वडिलांच्या नावाने पण एक खातं उघडा की," ती म्हणाली. "दोन फोन, दुप्पट माल. जास्तीचं आपल्याला वाटता येईल."

फेरीने जुना फोन अण्णांच्या मांडीवर बांधला. खातं उघडलं. नाव काय द्यायचं? "कॅप्टन," औषधवालीने सुचवलं. प्रत्येक टोपलीशी फेरी आधी आपल्या फोनवर बोट फिरवायचा, मग अण्णांचं डावं बोट धरून त्यांच्या फोनवर. ते बोट लाकडासारखं असायचं. शिक्का उमटवावा तसं तो ते वापरायचा.

आणि एके दिवशी, घड्याळाच्या मनोऱ्याखाली, तो वाकायच्या आत ते बोट आपणहून हललं. टोपली हिरवी झाली. अण्णांनी मान वर केली. त्या वाकड्या तोंडावर जे आलं त्याला हसू म्हणता आलं असतं.

"चल," ते म्हणाले.

ह्या वेळी चल म्हणजे पुढची.

मास्तर शेवटी मास्तर. झटक्याने त्यांची वाचा नेली होती, नजर नेली नव्हती. महिन्याभरात अण्णांना नकाशा तोंडपाठ झाला. ढगाळ दिवशी कोणत्या बाजूच्या टोपल्या उघडतात, एक उघडली की शेजारची कधी मिटते, हे त्यांना कसं कळायचं ते फेरीला कळत नसे, पण दहातल्या नऊ वेळा म्हातारा बरोबर निघायचा. डाव्या हाताने खुर्चीचा दांडा ठोकायचा: एकदा म्हणजे डावीकडे, दोनदा म्हणजे उजवीकडे. फेरी चुकीच्या गल्लीत वळला तर ठोकणं थांबायचंच नाही. पहाट फटफटली की आतल्या खोलीतून हाक यायची, "चल!" चहा व्हायच्या आत पुन्हा, "चल!"

गटातले लोक रविवारी एकत्र फिरायला लागले. अण्णा मध्ये, भोवती सगळे. "कॅप्टन, आज कुठली?" अण्णा बोट दाखवायचे, सगळे तिकडे. टोपली चालू निघाली की टाळ्या. गटात बँकेतला एक कारकून होता, फेरीच्याच वर्गातला. त्याने एका रविवारी सगळ्यांना थांबवून फेरीच्या नावाची कथा सांगितली, अगदी चड्डीसकट. लोक हसून हसून वाकले. औषधवाली डोळे पुसत म्हणाली, "अरे देवा. काका, खरंच?" मग अण्णांकडे वळून, लाडात, "आजोबा, किती हो दुष्ट तुम्ही!" अण्णांचे डोळे लकाकले. पुढच्या रविवारी तिने त्यांच्यासाठी नवी कोरी शिट्टी आणली आणि दोरीत ओवून गळ्यात घातली.

उजव्या गालात जोर नव्हता. अण्णांनी डाव्या बोटांनी ओठ दाबून धरला, शिट्टी डाव्या कोपऱ्यात ठेवली आणि फुंकली. आधी थुंकी उडाली, मग आवाज आला. कारंज्यावरची कबुतरं उडाली. लोकांनी जल्लोष केला. खुर्चीमागे उभ्या असलेल्या फेरीचे पाय त्याला न विचारता निघाले.

त्यानंतर तो माणूस राहिला नाही, खुर्चीचा मागचा भाग झाला. औषधवाली बोलायची ती अण्णांशी. पाणी विचारायची ते अण्णांना. फेरीला तिने "काका" म्हणणंही सोडलं, आता तीही "फेरी"च म्हणायची, "फेरी, जरा वळवा ना खुर्ची." फेरीचं कंबरडं दुखायला लागलं, उजवी टाच फुटली. दुपारी दुकानात हात थरथरायचे. एका गिऱ्हाइकाच्या काचा त्याने डावी-उजवी बदलून बसवल्या. ती बाई तो चष्मा घालून जिन्यावरून पडली आणि मनगट मोडलं. मालक ओरडला नाही, तेच वाईट होतं. एवढंच म्हणाला, "तू आता घरीच थांब. काम असलं की बोलावतो." बोलावणं आलं नाही. घरी येऊन फेरीने हे अण्णांना सांगितलं. अण्णांनी ऐकून घेतलं. मग खुर्चीचा दांडा ठोकला. दोनदा. आता सबंध दिवस मोकळा होता ना!

मग टाकीचा रविवार आला.

त्या दिवशी खेळात खास काहीतरी होतं. गावात कुठेतरी एक सोन्याची टोपली उघडणार होती, पहिला पोचेल त्याला मोठं घबाड. सगळे सकाळपासून भटकत होते. एकेक करून सगळ्या टोपल्या राखाडी निघाल्या. ऊन तापलं. अण्णांनी शिट्टी फुंकली आणि बोट वर केलं: पाण्याची टाकी. टेकाडावर. खडा चढ, डांबर उखडलेलं.

"अण्णा, तिथे नको," फेरी म्हणाला. "खुर्ची चढणार नाही."

शिट्टी.

"अहो, माझ्याने होणार नाही."

"चल," अण्णा म्हणाले.

"ओढू या की सगळे मिळून," कोणीतरी म्हणालं. पण बँकेतला कारकून म्हणाला, "छे छे, मजा जाईल. फेरी, हो पुढे! आम्ही मोजतो!" आणि तो मोजायला लागला. एकेका पावलाला एकेक आकडा, मोठ्यांदा. मग दुसरे लागले. मग सगळे. कोणाच्या मनात काही नव्हतं. लोक खुशीत होते, इतकंच. औषधवाली टाळ्यांवर ताल धरत होती. फेरीने छाती खुर्चीच्या पाठीला लावली आणि ढकलायला सुरुवात केली. अर्ध्यात त्याचा पाय खडीवरून सटकला आणि तो गुडघ्यांवर आला. दोन्ही हात खुर्चीला धरलेले. सोडले तर खुर्ची मागे येणार, म्हणून तो तसाच गुडघ्यांवर लोंबकळत राहिला. विजार फाटली, रक्त आलं. मोजणाऱ्यांनी तोच आकडा पुन्हा पुन्हा म्हणायला सुरुवात केली, हसत हसत. वरून, त्याच्या डोक्याच्या अगदी वर, शिट्टी वाजली. लांबलचक.

अण्णांना मान मागे वळवता येत नव्हती. मुलगा पडलाय हे त्यांना दिसत नव्हतं, असं म्हणता येईल. पण श्वास तर ऐकू येत होता.

फेरी उठला. खुर्ची वर नेली. टाकीखालची टोपली सोन्याची होती. अण्णांचं बोट फिरलं आणि फोनमधून असा काही नाद आला की सगळे ओरडत वर धावले. फेरी खुर्चीला टेकून उभा होता, गुडघ्यातलं रक्त बुटात उतरत होतं. औषधवालीने फोन वर धरला.

"फेरी, बाजूला व्हा ना जरा. आजोबांचा फोटो घ्यायचाय."

तो बाजूला झाला.

सोमवारी सकाळी हाक आली, "चल!" फेरीने अण्णांचं तोंड धुतलं, त्यांना दूध दिलं, खुर्चीत बसवलं, फोन मांडीवर बांधला. सगळं नेहमीसारखं. फक्त बांधायच्या आधी त्याने अण्णांच्या फोनमधलं सिमकार्ड काढून डब्यात टाकलं. घड्याळाच्या मनोऱ्याशी अण्णांनी बोट फिरवलं. पडद्यावर एक वर्तुळ नुसतंच गोल गोल फिरत राहिलं.

"बंद आहे, अण्णा," फेरी म्हणाला.

कारंजं. "बंद आहे." पोस्ट. "बंद." अण्णा मान वर करून त्याच्याकडे बघायचे, मग फोनकडे. तो त्यांना टाकीपर्यंतही घेऊन गेला, चढ चढून, दुखऱ्या गुडघ्यांनी, केवळ तिथे उभं राहून सांगता यावं म्हणून: "बंद आहे, अण्णा. सगळं गाव बंद आहे."

चार दिवसांनी तो एवढाही त्रास घेईनासा झाला. कोणा दुसऱ्याच्या फोनवर सगळ्या टोपल्या राखाडी असलेला नकाशा त्याला मिळाला. त्याचा फोटो त्याने अण्णांच्या फोनवर पडदाभर लावून ठेवला. मग अण्णांना मागच्या खिडकीत बसवलं, जिथून फक्त शेजारच्या इमारतीचे सांडपाण्याचे नळ दिसायचे. शिट्टी "धुवायला" म्हणून काढली ती काढलीच. अण्णा त्या चित्रावर बोट मारायचे. पोस्टाच्या टोपलीवर, मग वाचनालयाच्या, मग कारंज्याच्या. जेवण झालं की पुन्हा पहिल्यापासून. फेरी शेजारी स्टुलावर बसून बघायचा. त्याला घाई नव्हती.

"चालू होईल हं, अण्णा. मारत राहा. मी सांगेपर्यंत थांबायचं नाही."

गटाला त्याने कळवलं की डॉक्टरांनी बाहेर काढायला मनाई केलीय. दोन रविवार लोकांनी चौकशी केली. तिसऱ्या रविवारी बँकेतल्या कारकुनाने आपल्या भाच्याला पुढे घातलं, आणि चालू टोपल्या शोधायचं काम तो करायला लागला.

औषधवाली मात्र घरी आली. फळं घेऊन. अण्णांनी तिला बघितलं आणि त्यांच्या घशातून जो आवाज निघाला तो फेरीने कधी ऐकला नव्हता. डाव्या हाताने त्यांनी तिचं मनगट पकडलं, तिला खाली ओढलं, फोन तिच्यापुढे धरला. "चल," ते म्हणाले. "चल, चल, चल."

तिने फोन हातात घेतला. बोट फिरवलं. पुन्हा फिरवलं. नकाशा जागचा हलेना. ती या खेळात मुरलेली बाई. तिला कळायला वेळ लागला नाही. तिने मान वर करून फेरीकडे बघितलं. फेरी भिंतीला टेकून उभा होता. त्याने नजर चुकवली नाही. अण्णा एकदा हिच्याकडे, एकदा त्याच्याकडे बघत होते.

"बाहेर या जरा," ती फेरीला म्हणाली.

दाराशी ती हळू आवाजात म्हणाली, "हे काय चालवलंय तुम्ही?"

"बंद आहे," फेरी म्हणाला.

ती थोडा वेळ चपलेच्या अंगठ्याशी खेळत उभी राहिली. मग म्हणाली, "ते सोन्याच्या टोपलीतलं सगळं अजून कॅप्टनच्याच खात्यात पडून असेल ना?"

"असेल."

"पडून राहून कुजतंच हो ते. वापरलं नाही तर जातं. खातं मला द्या. तुम्हाला तरी काय करायचंय?"

फेरीने परवलीचा शब्द सांगितला. तो 'शिट्टी' होता. तिने तो तिथल्या तिथे आपल्या फोनवर टाकला, नीट चालतोय ना बघितलं, आणि आत गेली. अण्णांसमोर वाकली. त्यांनी पुन्हा तिचं मनगट धरलं. तिने त्यांचे विस्कटलेले केस नीट केले.

"हो हो आजोबा," ती मोठ्यांदा म्हणाली, बहिऱ्याशी बोलतात तशी, "सगळ्या बंदच आहेत. मी पण बघून आले. तुम्ही आता आराम करा."

अण्णांनी तिचं मनगट सोडलं.

त्यानंतर ते चित्रावर बोट मारायचे, पण आधीसारखं नाही. मग दिवसातून एखाद्या वेळी. मग फोन मांडीवरून सरकून खाली पडला तो त्यांनी मागितला नाही. "चल" म्हणणंही हळूहळू थांबलं. पाण्यासाठी नाही, उशीसाठी नाही. फेरी मुद्दाम पाणी उशिरा द्यायचा, म्हणतात का बघायला. म्हणायचे नाहीत. एकदा तो त्यांच्या कानाशी वाकून म्हणाला, "अण्णा, चल म्हणा. एकदा म्हणा, लगेच नेतो." खरंच नेलं असतं की नाही, हे त्याचं त्यालाच ठाऊक नव्हतं. अण्णा नळांकडे बघत राहिले.

थंडी सुरू झाली आणि अण्णा गेले. दुपारी, खिडकीतच. फेरी भांडी विसळून आला तेव्हा मान छातीवर होती. तशी ती नेहमीच असायची, म्हणून त्याला संध्याकाळपर्यंत कळलं नाही.

बहीण आली आणि त्याच्या गळ्यात पडून रडली. "दादा, तू होतास म्हणून रे. मी कुठल्या तोंडाने बोलू?" दूधवाला आला. वसतिगृहाचा पहारेकरी टोपी काढून दारात उभा राहिला. बायका आपापल्या मुलांना घेऊन आल्या. श्रावणबाळ हा शब्द त्या दिवशी घरात इतक्या वेळा झाला की फेरीला तो कोणा तिसऱ्याचं नाव वाटायला लागला. त्याला रडू आलं नाही, तेही लोकांनी त्याच्या मोठेपणात जमा केलं. म्हणाले, आतून पार तुटलाय.

खुर्ची त्याने दवाखान्याला दिली. खेळ फोनवरून काढून टाकला. चष्म्याच्या मालकाला दया आली आणि त्याने बोलावणं धाडलं. आता हात थरथरत नव्हते. पडद्यामागच्या खोलीत फेरी पुन्हा काचा घासायला बसला.

उन्हाळ्यात औषधवाली दुकानात आली. तिला लांबचं दिसेनासं झालं होतं. मालक बाहेर गेलेला, म्हणून फेरीच पुढे आला. तिच्या नाकावर मापाची जड फ्रेम बसवली, एकेक काच घालून बघितली.

"फोनमध्ये डोळे खुपसून खुपसून झालंय हे," ती हसत म्हणाली. मग काहीतरी सांगायचं राहिलंय असं आठवून, अगदी सहज, "अहो, आजोबा काल खेळात सगळ्यात वरच्या पायरीला पोचले. गावात पहिले. सगळे विचारतात, कॅप्टन कोण म्हणून. बघायचंय?"

तिने फोन पुढे केला.

"हलू नका," फेरी म्हणाला. "खालची ओळ वाचा."

तिने वाचली. त्याने नंबर लिहून घेतला, फ्रेम तिच्या नाकावरून उतरवली आणि पुसून पेटीत ठेवली.

"गुरुवारी मिळेल," तो म्हणाला, आणि पडदा सारून आत गेला.